ओझू यांचा ‘देकिगोकोरो’ (१९३३) : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझू यांचे नाव निघाले की बहुतेकांना त्यांचे युद्धोत्तर काळातील शांत, मध्यमवर्गीय घरांत घडणारे चित्रपट आठवतात. त्याआधीच्या त्यांच्या मूकपटांत कामगारवस्तीतले एक वेगळेच, गलबल्याचे आणि विनोदी जग आहे, आणि ‘देकिगोकोरो’ हा त्यातला सर्वांत जिवंत चित्रपट आहे असे आमचे मत आहे. पुढील उत्तरांत कथेचा शेवटही सांगितलेला आहे. ज्यांना तो आधी कळू द्यायचा नसेल त्यांनी चित्रपट पाहून मग वाचावे.

हा चित्रपट कोणी, कधी आणि कोठे निर्माण केला?

‘देकिगोकोरो’, म्हणजे साधारणपणे ‘क्षणिक मोह’, हा शोचिकू कंपनीने तोक्योजवळच्या आपल्या कामाता येथील स्टुडिओत तयार केलेला मूकपट सप्टेंबर १९३३ मध्ये प्रदर्शित झाला. त्याची लांबी सुमारे १०० मिनिटे आहे. पटकथा तादाओ इकेदा यांची असून मूळ कथेचे श्रेय ‘जेम्स माकी’ या नावाला दिलेले आहे. हे जेम्स माकी म्हणजे दुसरे कोणी नसून स्वतः ओझूच होत. हे टोपणनाव त्यांनी त्या काळात अनेकदा वापरले. चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा ओझू अजून तीस वर्षांचेही झाले नव्हते, आणि तरीही ‘किनेमा जुम्पो’ या प्रतिष्ठित नियतकालिकाच्या वार्षिक निवडीत त्यांचा चित्रपट १९३२, १९३३ आणि १९३४ अशी सलग तीन वर्षे पहिला आला. त्यांतला मधला मान ‘देकिगोकोरो’चा.

कथा थोडक्यात काय आहे?

किहाची हा तोक्योतील एका मद्यनिर्मितीच्या कारखान्यातला कामगार आहे. तो विधुर आहे, त्याला लिहिता-वाचता येत नाही, आणि पैसा हातात आला की तो खिशात टिकत नाही. शाळेत जाणारा मुलगा तोमिओ हेच त्याचे घर. शेजारच्या खोलीत त्याच्याच कारखान्यात काम करणारा तरुण मित्र जिरो राहतो. सकाळी या दोघा मोठ्या माणसांना कामावर जाण्यासाठी उठवण्याची जबाबदारी तोमिओकडे आहे आणि तो ती नडग्यांवर काठी हाणून पार पाडतो. या घरात बाप कोण आणि मूल कोण, हा प्रश्न तिथेच उभा राहतो.

एका रात्री दोघे मित्र गाण्याच्या कार्यक्रमाहून परतत असताना त्यांना हारुए ही तरुणी भेटते. तिचे काम सुटलेले आहे आणि रात्र काढायला जागा नाही. जिरो तिला टाळू पाहतो. किहाची मात्र तिला ओतोमे या ओळखीच्या बाईच्या खानावळीत घेऊन जातो आणि तिची तिथे राहण्याची व कामाची सोय लावून देतो. मग हा चाळिशीकडे झुकलेला माणूस तिच्या प्रेमात पडतो, नीटनेटके कपडे घालून खानावळीत रेंगाळू लागतो आणि कामावर दांड्या मारू लागतो. हारुएचे मन मात्र जिरोवर आहे, आणि जिरो तिच्याशी जितके तुसडेपणाने वागतो तितकी ती त्याच्याकडे ओढली जाते. किहाचीला ती वडीलधाऱ्या माणसाच्या जागी मानते. हे त्याला कळते तेही फार अवघड रीतीने, कारण जिरोने हारुएशी लग्न करावे म्हणून त्याची समजूत घालण्याची कामगिरी ओतोमे किहाचीवरच सोपवते.

उत्तरार्धात तोमिओ गंभीर आजारी पडतो आणि डॉक्टरचे पैसे कोठून आणायचे हा प्रश्न प्रेमाच्या प्रश्नाला बाजूला सारून पुढे येतो. जिरो शेजारच्या न्हाव्याकडून कर्ज काढतो आणि ते फेडण्यासाठी होक्काइदोला मजुरीला जायचे ठरवतो. किहाची त्याला ठोसा मारून आडवा करतो आणि त्याच्याऐवजी स्वतः बोटीवर चढतो. बोट निघते, आणि थोड्याच वेळात तो समुद्रात उडी मारून पोहत परत किनाऱ्याकडे निघतो.

मग यातले वैर नेमके कोणामध्ये आहे?

चित्रपटाबद्दलचा हा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर पूर्वार्धात एक, उत्तरार्धात दुसरे असे मिळते.

पूर्वार्धात दोन मित्र आणि एक स्त्री असा नेहमीचा त्रिकोण दिसतो. पण ओझू हा त्रिकोण कधीच तापू देत नाहीत. जिरोला स्पर्धेत उतरायचेच नसते; उलट किहाची मूर्खपणा करतो आहे असे त्याचे स्पष्ट मत आहे, आणि हारुएबद्दल त्याला संशय आहे. किहाचीला तर आपल्याला प्रतिस्पर्धी आहे याचाच पत्ता नसतो. म्हणजे एका बाजूला लढायला तयार नसलेला आणि दुसऱ्या बाजूला लढाई आहे हे ठाऊक नसलेला, अशी ही जोडी आहे. ज्या क्षणी किहाचीला सत्य कळते त्या क्षणी तो हरलेल्या प्रियकरासारखा न वागता थोरल्या भावासारखा वागू लागतो. दारू पितो, चिडतो, पण मध्यस्थीचे काम करतो.

खरी चुरस लागते ती कर्जानंतर. तोमिओच्या औषधपाण्यासाठी पैसे हवेत म्हटल्यावर हारुए म्हणते की मी पैसे उभे करीन. एकट्या, गरीब मुलीने असे म्हणण्याचा अर्थ जिरो तत्काळ ओळखतो आणि तिला अडवतो. तो स्वतः कर्ज काढतो. त्या कर्जासाठी त्याने होक्काइदोला जाणे किहाचीला सहन होत नाही, कारण मुलगा त्याचा, तेव्हा देणेही त्याचेच. ज्या मित्राशी प्रेमाच्या बाबतीत त्याने भांडण केले नाही, त्याच्याशी तो आता हातघाईवर येतो. दोन पुरुष स्त्रीसाठी भांडत नाहीत आणि कर्ज फेडण्याचा हक्क कोणाचा यासाठी मात्र एकमेकांना मारतात. आमच्या मते ओझू यांना जे म्हणायचे होते ते सर्व या एका उलटापालटीत आहे: या वस्तीत माणसाकडे स्वतःचे म्हणावे असे फारसे काहीच नसते, त्यामुळे देण्याची ऐपत हीच त्याची इभ्रत होते, आणि ती इभ्रत दुसऱ्याने हिरावून घेतलेली त्याला चालत नाही.

जिरोचा त्याग हा किहाचीला उपकारासारखा वाटत नाही, आव्हानासारखा वाटतो. म्हणून तो ठोसा विनोदी असूनही खरा आहे.

सुरुवातीच्या पाकिटाच्या प्रसंगाला समीक्षक एवढे महत्त्व का देतात?

चित्रपट सुरू होतो तो नानिवाबुशीच्या कार्यक्रमात. नानिवाबुशी म्हणजे शामिसेन या तंतुवाद्याच्या साथीने गाऊन सांगितलेल्या कथा. त्यातले विषय बहुतांशी निष्ठा, उपकाराची परतफेड आणि त्याग हे असत आणि कष्टकरी श्रोत्यांत हा प्रकार फार लोकप्रिय होता. सभागृहात माणसे जमिनीवर दाटीवाटीने बसलेली आहेत, पंखे हलत आहेत, मुले पेंगुळली आहेत. तेवढ्यात कोणाला तरी पैशांचे एक पाकीट पडलेले दिसते. तो ते हळूच ओढून घेतो, उघडून पाहतो, रिकामे आहे असे कळताच पुन्हा टाकून देतो. मग शेजारचा तेच करतो, मग त्याच्या पुढचा. असे करत ते पाकीट किहाचीजवळ पोहोचते. तोही आत काही नाही हे पाहतो, पण हे पाकीट आपल्या पाकिटापेक्षा मोठे आहे हे त्याच्या लक्षात येते. तो आपली चिल्लर त्यात भरतो आणि स्वतःचे जुने छोटे पाकीट टाकून देतो. आता ते छोटे पाकीट फिरू लागते.

पाठोपाठ पिसवांची गंमत येते. एक जण खाजवू लागतो, मग दुसरा, आणि बघता बघता कथा ऐकण्यात रंगलेली सगळी सभा उठून अंग झटकू लागते.

हे दोन विनोद कथेशी थेट संबंधित नाहीत, पण सगळ्या चित्रपटाचा हिशेब त्यांत मांडून ठेवलेला आहे. रिकामे पाकीट या हातातून त्या हातात जाते तसेच पुढे न्हाव्याचे पैसे, डॉक्टरचे बिल आणि होक्काइदोची मजुरी या हातातून त्या हातात जाते. पिसवासुद्धा सामायिक. आणि व्यासपीठावर त्यागाची उदात्त कथा चाललेली असताना खाली श्रोते अंग खाजवत आहेत, हा ओझू यांचा खोडकरपणा शेवटापर्यंत लक्षात ठेवावा, कारण शेवटी किहाची स्वतःच त्या गाण्यातल्या नायकासारखा त्याग करायला निघतो.

बाप-लेकाच्या मारामारीचा प्रसंग एवढा गाजला कशामुळे?

कारण तो मधूनच आपला सूर बदलतो, आणि कोठे बदलला हे बोट ठेवून दाखवता येत नाही.

शाळेतली मुले तोमिओला चिडवतात की तुझ्या बापाला वाचता येत नाही, तो कामावर जात नाही, तो बाईच्या मागे लागला आहे. तोमिओ रडत घरी येतो आणि बापाच्या आवडत्या कुंडीतल्या झाडाची सगळी पाने ओरबाडून काढतो. किहाची घरी परततो, झाड पाहतो आणि मुलाला मारतो. इथपर्यंत प्रसंग ओळखीचा आहे. मग तोमिओ उलटून मारायला लागतो. दोन्ही हातांनी, पुन्हा पुन्हा, रडत रडत, आणि मारताना तो बापाला तेच ऐकवतो जे शाळेत त्याला ऐकून घ्यावे लागले. किहाचीचा हात थांबतो. तो मार चुकवत नाही, मुलाला धरत नाही, नुसता बसून मार खातो. शेवटी मुलगा दमतो आणि बापाच्याच अंगावर रडू लागतो.

दुसऱ्या दिवशी पश्चात्तापाने किहाची तोमिओला ५० सेन, म्हणजे अर्धा येन, देतो आणि हवे ते घेऊन खा म्हणतो. मुलाच्या हातात एवढी रक्कम प्रथमच येत असावी. तो ती सगळी एका दिवसात खाऊवर उडवतो आणि आतड्याच्या तीव्र दाहाने अंथरुणाला खिळतो. म्हणजे ज्या आजारपणामुळे कर्ज होते ते बापाच्या मायेतूनच उद्भवते. ही कार्यकारणाची साखळी पटकथेत इतकी सहज बसवली आहे की पहिल्यांदा पाहताना ती जाणवतही नाही.

हारुएला स्वतःचे असे काही व्यक्तिमत्त्व आहे का?

कमी आहे, आणि हा चित्रपटाचा दुबळा भाग आहे असे म्हणावे लागते. हारुए झालेल्या नोबुको फुशिमी यांचा चेहरा बोलका आहे आणि जिरोच्या अपमानानंतरची त्यांची स्तब्धता परिणामकारक आहे, पण पटकथा हारुएला बहुतेक वेळ पुरुषांच्या निर्णयाची वाट पाहत ठेवते. जिरोच्या तुसडेपणाला पटकथेने जेवढी सूट दिली आहे तेवढी आजच्या प्रेक्षकाने द्यावी असे आम्हाला वाटत नाही. त्या मानाने चोको ईदा यांची ओतोमे भरीव आहे: ती खानावळ चालवते, उधारी लक्षात ठेवते, सगळ्यांची मने ओळखते, आणि किहाचीविषयी तिला काय वाटते हे ती उघड बोलत नसली तरी झाकूनही ठेवत नाही. कथेतली सर्वांत शहाणी व्यक्ती कोण असा प्रश्न आला तर तोमिओच्या खालोखाल तिचेच नाव घ्यावे लागेल.

कामगारांची कथा असून यात संप, मालक, मोर्चा यांतले काहीच का नाही?

याला काळाचा आणि कंपनीचा असे दोन संदर्भ आहेत.

जपानने जानेवारी १९३० मध्ये सुवर्णपरिमाण (चलनाचे मूल्य सोन्याशी बांधून ठेवणारी पद्धत) जुन्याच दराने पुन्हा स्वीकारले, नेमके त्याच सुमारास जागतिक मंदी येऊन थडकली, निर्यात कोसळली आणि रेशमाचे भाव गडगडले. शहरांत बेकारी आणि खेड्यांत उपासमार असा तो काळ होता. त्या वातावरणात १९२९ ते १९३१ या काळात वर्गसंघर्ष उघडपणे मांडणाऱ्या चित्रपटांची एक लाट जपानी व्यावसायिक सिनेमात येऊन गेली. शिगेयोशी सुझुकी यांचा, एका गरीब मुलीच्या फरफटीवरचा १९३० सालचा चित्रपट तर त्या वेळचा प्रचंड गाजलेला चित्रपट ठरला. १९२९ मध्येच ‘प्रोकिनो’ ही डाव्या चित्रपटकर्मींची संघटना उभी राहिली आणि तिने संप व मे दिनाच्या मिरवणुका स्वतः चित्रित केल्या. पण चित्रपटांची तपासणी गृहखात्याच्या हाती होती, कात्री कडक होत गेली, आणि पोलिसी दडपशाहीपुढे प्रोकिनो १९३४ पर्यंत मोडून पडली. मजुरांच्या जीवनावर लिहिणारे कादंबरीकार ताकिजी कोबायाशी यांचा फेब्रुवारी १९३३ मध्ये पोलिसांच्या ताब्यात मृत्यू झाला. ‘देकिगोकोरो’ त्यानंतर सात महिन्यांनी आला.

दुसरा संदर्भ शोचिकूचा. कामाता स्टुडिओचे प्रमुख शिरो किदो यांचे धोरण असे होते की चित्रपटाने सामान्य माणसाचे रोजचे जगणे हसू आणि आसू यांच्या मिश्रणात दाखवावे आणि प्रेक्षकाला निराश करून घरी पाठवू नये. सामान्यांच्या जीवनावरील या प्रकाराला ‘शोमिन-गेकी’ म्हणतात आणि ओझू त्याच मुशीत घडले. त्यांना राजकीय चित्रपट करायचा होता आणि करता आला नाही, असे म्हणण्यास काहीच आधार नाही. मात्र त्यांनी गरिबीवर साखर पेरली असेही नाही. एका मुलाचे पोट बिघडल्यावर तीन प्रौढ माणसांची आयुष्ये रुळांवरून घसरतात, आणि पैसे येतात ते न्हाव्याकडून, कारखान्याकडून येत नाहीत, एवढे दाखवून ते थांबतात. मालक पडद्यावर नाही, पण त्याचे नसणे दिसत राहते.

होक्काइदोला जाणे एवढे भयंकर का मानले आहे?

होक्काइदो हे जपानचे उत्तरेकडील मोठे बेट. रस्ते, रेल्वे आणि धरणांची बांधकामे, खाणी आणि मासेमारी यांसाठी तेथे सतत मजूर नेले जात. आगाऊ रकमेच्या बंधनात मजुराला अडकवून पहाऱ्यात राबवून घेणाऱ्या तेथील मजूरखोल्यांची कुप्रसिद्धी सर्वत्र होती. वर उल्लेखिलेल्या कोबायाशी यांची १९२९ सालची खेकड्यांच्या कारखाना-जहाजावरील कादंबरी याच उत्तरेकडील समुद्रावर घडते. त्यामुळे पडद्यावर होक्काइदोचे नाव आले की १९३३ च्या प्रेक्षकाला पुढचे काही सांगावे लागत नसे.

बोलपट आलेले असताना १९३३ मध्ये हा चित्रपट मूक का?

जपानचा पहिला यशस्वी बोलपट शोचिकूनेच १९३१ मध्ये काढला होता. तुलनेसाठी सांगायचे तर मराठीतला पहिला बोलपट, प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’, १९३२ च्या प्रारंभी आला, म्हणजे ‘देकिगोकोरो’ प्रदर्शित झाला तेव्हा पुण्या-मुंबईचा प्रेक्षक दीड वर्षाहून अधिक काळ आपल्या भाषेतले संवाद ऐकत होता. जपानमध्ये मूकपट १९३५ च्या पुढेही टिकले, आणि त्याचे मोठे कारण बेन्शी.

बेन्शी म्हणजे पडद्याशेजारी उभा राहून कथा सांगणारा, सर्व पात्रांचे आवाज काढणारा, वेळप्रसंगी शेरेही मारणारा निवेदक. मुसेई तोकुगावा यांच्यासारख्या बेन्शींच्या नावावर तिकिटे खपत. त्यामुळे जपानी प्रेक्षकांच्या दृष्टीने मूकपट कधी मुका नव्हताच, आणि बोलपटाची निकडही तितकी नव्हती. पण चित्रपटगृहांच्या मालकांना बेन्शी आणि वादक यांचे पगार वाचवायचे होते. १९३२ मध्ये तोक्योच्या आसाकुसा भागातील बेन्शींनी कपातीविरुद्ध संप केला आणि त्यांना माघार घ्यावी लागली. पुढे जगप्रसिद्ध झालेले दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचे थोरले बंधू हेइगो हेही बेन्शी होते. ते त्या संपात पुढे होते आणि १९३३ मध्ये त्यांनी आत्महत्या केली. कामगारांचा जो झगडा ‘देकिगोकोरो’च्या पडद्यावर नाही, तो पडद्याच्या बाजूलाच उभ्या असलेल्या माणसाच्या पोटापाण्याशी निगडित होता, हे या चित्रपटाबद्दल बोलताना फारसे कोणी सांगत नाही.

ओझू यांचे वैयक्तिक कारणही होते. त्यांचे नेहमीचे छायाचित्रकार हिदेओ मोहारा हे स्वतःची ध्वनिमुद्रणपद्धती विकसित करत होते, आणि आपला पहिला बोलपट त्याच पद्धतीने करीन असा शब्द ओझू यांनी दिलेला होता. तो त्यांनी १९३६ मध्ये ‘एकुलता एक मुलगा’ या चित्रपटाने पाळला.

प्रमुख कलाकारांविषयी काय सांगता येईल?

किहाची झालेले ताकेशी साकामोतो चित्रीकरणाच्या वेळी पस्तिशीच्या आतच होते. पडद्यावर ते सहज दहा वर्षांनी मोठे वाटतात: तो बसण्याचा ऐसपैसपणा, सतत खाजवणे, किमोनो गुडघ्यांवर सरकवणे. जिरोच्या भूमिकेत देखणे देन ओबिनाता आहेत. पुढे ओझू यांच्या चित्रपटांचा चेहराच ठरलेले चिशू र्यू येथे बोटीवरच्या छोट्याशा भूमिकेत दिसून जातात.

तोमिओ झालेला बालनट तोमिओ आओकी ‘तोक्कान कोझो’ या नावाने प्रसिद्ध होता. हे नाव त्याला ओझू यांच्याच १९२९ सालच्या त्याच नावाच्या छोट्या विनोदी चित्रपटावरून मिळाले. गुबगुबीत गाल, ओठ पुढे काढण्याची लकब आणि प्रौढांकडे पाहण्याची तुच्छतेची नजर या तीन गोष्टींवर त्याने संपूर्ण चित्रपट पेलला आहे.

किहाची हे पात्र ओझू यांच्या इतर चित्रपटांतही आहे का?

होय. साकामोतो यांनी ‘किहाची’ याच नावाने ‘देकिगोकोरो’नंतर १९३४ च्या फिरत्या नाटकमंडळीवरील चित्रपटात आणि १९३५ च्या दोन चित्रपटांत काम केले. त्या दोहोंपैकी एक नष्ट झाला आहे, आणि दुसरा म्हणजे ‘तोक्योतील धर्मशाळा’. हा एकच माणूस नाही. नाव आणि स्वभाव तोच, आयुष्य दर वेळी वेगळे. ओझू यांचा जन्म तोक्योच्या फुकागावा भागातला, आणि असे भोळे, उधळे, दिलदार लोक त्यांनी तिथेच पाहिले होते. ‘तोक्योतील धर्मशाळा’मध्ये बेकार किहाची दोन मुलांना घेऊन कारखान्यांभोवतीच्या ओसाड माळावर काम शोधत हिंडतो आणि तिथे विनोद जवळजवळ आटलेला आहे. युद्धानंतर १९४७ मध्ये एका चित्रपटात साकामोतो पुन्हा किहाची नावाने आले, तेव्हा चोको ईदाही त्यांच्यासोबत होत्या.

ओझू यांची पुढे प्रसिद्ध झालेली शैली येथे दिसते का?

बरीचशी दिसते. कॅमेरा चटईवर बसलेल्या माणसाच्या नजरेच्याही खाली ठेवलेला आहे. या कथेत त्याला खास अर्थ येतो, कारण ‘नागाया’ म्हणजे आपल्याकडच्या बैठ्या चाळीसारखी एका ओळीतली घरे, आणि तिथले सगळे जगणे जमिनीवरच चालते. एका दृश्यातून दुसऱ्यात विरघळत जाण्याचे तंत्र त्यांनी सोडून दिले होते. दृश्यांच्या मध्ये वस्तूंच्या, रिकाम्या जागांच्या चौकटी येतात. पण नंतरच्या ओझूंपेक्षा इथे हालचाल खूप आहे, शारीरिक विनोद आहे, आणि हॉलिवुडच्या विनोदपटांवर पोसलेल्या तरुण दिग्दर्शकाचा उत्साह लपत नाही. बाप आणि मुलगा यांच्या नात्यावर किंग व्हिडॉर यांच्या ‘द चॅम्प’ या १९३१ च्या अमेरिकन चित्रपटाची छाया असल्याचे अनेकदा म्हटले जाते. ते पटण्याजोगे आहे, मात्र तिथला अश्रूंचा पूर ओझू यांनी येथे आणलेला नाही.

मराठी मूकपटांत याच्याशी तुलना करता येईल असे काही आहे का?

कर्ज आणि श्रमिक या विषयापुरते बोलायचे तर बाबूराव पेंटर यांचा ‘सावकारी पाश’ (१९२५) आठवतो. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या या मूकपटात व्ही. शांताराम यांनी सावकाराच्या कचाट्यात जमीन गमावून शहरात गिरणी कामगार होणाऱ्या शेतकऱ्याची भूमिका केली होती. त्याची प्रत आज उपलब्ध नाही; पेंटर यांनीच १९३६ मध्ये तो बोलपट म्हणून पुन्हा केला. दोन्हींतला फरक मूलभूत आहे. पेंटर यांच्याकडे कर्ज देणारा शत्रू आहे, ओझू यांच्याकडे तो शेजारचा न्हावी आहे. त्यामुळे एकाला अन्यायाची कथा सांगता येते, तर दुसऱ्याला भिडेची.

किहाची बोटीवरून उडी मारतो, मग कर्ज कोण फेडणार?

चित्रपट हे सांगत नाही, आणि हा प्रश्न विचारणारा प्रेक्षक योग्य तेच विचारतो आहे.

बोटीवर किहाची इतर मजुरांना आपल्या मुलाचे कोडे अभिमानाने सांगतो: माणसाच्या हाताला पाच बोटे का असतात? चारच असती, तर हातमोज्याचे एक बोट रिकामे राहिले असते. तो स्वतःच खदखदून हसतो, आणि हसता हसता त्याला मुलगा आठवतो. मग तो काठावरून पाण्यात झेप घेतो. पोहताना त्याला दुसरे कोडे सुचते, समुद्राचे पाणी खारट का, तर त्यात खारवलेले सॅमन मासे असतात म्हणून, आणि पुन्हा हसत तो किनाऱ्याकडे हात मारू लागतो.

काहींना हा शेवट पळवाटीसारखा वाटतो. आम्हाला तो नानिवाबुशीतल्या त्यागाला दिलेले उत्तर वाटते. व्यासपीठावरच्या कथेत नायक कर्तव्यासाठी मुलाला मागे ठेवून जातो आणि श्रोते डोळे पुसतात. किहाचीने ती कथा शंभरदा ऐकलेली असावी. तो तशीच वागण्याची हौस भागवून घेतो आणि अर्ध्या वाटेवर त्याला कळते की मुलाला सोडून जाण्यात कसलाच मोठेपणा नाही. कर्ज तसेच राहते. जिरो बहुधा पुन्हा रागावेल, कदाचित दोघांत पुन्हा मारामारी होईल. पण वाचता न येणारा बाप घरी असेल.

चित्रपट कोठे आणि कसा पाहावा?

जुने अभिजात चित्रपट काढणाऱ्या क्रायटेरियन या अमेरिकी कंपनीच्या ‘एक्लिप्स’ मालिकेत २००८ मध्ये निघालेल्या ओझू यांच्या तीन मूकपटांच्या डीव्हीडी संचात तो इंग्रजी उपशीर्षकांसह आहे आणि त्याला डोनाल्ड सोसिन यांचे पियानोसंगीत जोडलेले आहे. संगीत लावावे की नाही यावर मतभेद आहेत. आमचा सल्ला असा की पहिल्यांदा संगीतासह पाहावा आणि दुसऱ्यांदा आवाज बंद करून, म्हणजे दृश्यांची लय आणि संवादाच्या पाट्या कोठे येतात हे नीट कळते. जपानमध्ये मिदोरी सावातो यांच्यासारख्या कलावंतांनी बेन्शीची परंपरा आजवर चालू ठेवली आहे. बेन्शीच्या निवेदनासह एखादा मूकपट पाहण्याची संधी मिळाली, तर भाषा येत नसली तरी ती सोडू नये. मुलांसोबत पाहायचा असल्यास सुमारे दहा वर्षांवरील मुलांना तो आवडतो, मात्र पाट्या कोणीतरी मोठ्याने मराठीत वाचून दाखवाव्या लागतात, आणि आवाज बदलून वाचल्यास उत्तम.